जेवताना बघू नये असा सिनेमा

ऑफिसातल्या माझ्या मल्याळी मित्राने ताकीदच दिली होती, ‘आमचा सिनेमा जेवताना बघू नकोस.’ ऐकेन तर शपथ! शुक्रवारची रात्र, मांडीवर ताट, शेजारी बायको आणि समोर जिओ बेबीचा २०२१चा ‘द ग्रेट इंडियन किचन’.

खरं सांगू? पडद्यावर फारसं काही घडतच नाही. नवी नवरी भाजी चिरते, वाटण वाटते, भांडी घासते, ओटा पुसते. उद्या पुन्हा तेच. सासरे बोलायला गोड. फक्त भात चुलीवरचाच हवा आणि कपडे मशीनमध्ये नकोत. नवरा मास्तर. चघळलेल्या शेवग्याच्या शेंगा टेबलावरच टाकून उठतो. मारहाण नाही, खलनायक नाही. नवरा-बायकोला नावंसुद्धा नाहीत. गाळलेल्या जागा आपापल्या भरा, बॉस!

आणि हे कुठे? १९९१मध्ये संपूर्ण साक्षर म्हणून जाहीर झालेल्या केरळात. मला हा सिनेमा आवडतो तो म्हणूनच. तो स्वतःच्या राज्याचं गुणपत्रक फ्रेम करून लावत नाही.

२०१९चा ‘कुंबळंगी नाइट्स’ घ्या. फहाद फासिलचा शम्मी आरशात मिशी न्याहाळतो, स्वतःवर खूश होतो आणि आरशावरची टिकली ब्लेडने खरवडून काढतो. संपूर्ण पुरुष! त्याच सिनेमात साजी मात्र रडू येत नाही म्हणून धाकट्या भावाला सांगतो, मला डॉक्टरकडे ने. दोघांतला मर्द कोण, हे दिग्दर्शक सांगत बसत नाही.

पण आरसेवाल्यांच्या घरातलं काय? तिथल्या इंडस्ट्रीतल्या बायकांची परिस्थिती तपासायला २०१७मध्ये हेमा समिती नेमली गेली. अहवाल डिसेंबर २०१९मध्ये सरकारला मिळाला. लोकांसमोर आला तो ऑगस्ट २०२४मध्ये, तोही काही भाग गाळून. लैंगिक शोषणापासून सेटवर साधं टॉयलेट नसण्यापर्यंत सगळं त्यात होतं. म्हणजे पडद्यावर स्वयंपाकघर उघडं पडलं, तेव्हा पडद्यामागचा कागद कपाटातच होता.

सिनेमा संपला. बायको एक शब्द बोलली नाही, नुसती माझ्या ताटाकडे बघत राहिली. त्या रात्री भांडी मी घासली.

सोमवारी मित्राला हे कॉलर ताठ करून सांगितलं. तो शांतपणे म्हणाला, ‘छान. आणि शनिवारी?’