ओळखीच्या खुणा

दिवाळीच्या अंकात बाँबचा विषय कशाला, असे घरातून विचारणे झालेच. पण परवा वर्गात ‘कसबा’ शब्दाचे मूळ निघाले, मी ते अरबी म्हणून सांगितले, आणि मन पुण्याच्या कसबा पेठेऐवजी आल्जिअर्सच्या कसब्यात जाऊन बसले.

फ्रेंचांविरुद्धचा आल्जीरियाचा लढा १ नोव्हेंबर १९५४ ला पेटला. राजधानीत तो कसा शिरला पाहा. जून १९५६ मध्ये सरकारने दोन बंडखोर कैद्यांचा गिलोटीनवर शिरच्छेद केला. मुक्ती आघाडीने रस्त्यात दिसतील त्या गोऱ्या नागरिकांवर गोळ्या झाडल्या. १० ऑगस्टच्या रात्री गोऱ्या अतिरेक्यांनी कसब्यातल्या एका गल्लीत स्फोट केला. घरे झोपलेल्या बायकामुलांसकट कोसळली. ३० सप्टेंबरला युरोपियन पोशाखातल्या तरुणी पहाऱ्यातून निसटल्या. त्यांतल्या एकीने, कायद्याच्या विद्यार्थिनीने, ‘मिल्क बार’मध्ये बाँबची पिशवी ठेवली. तेथे आइस्क्रीम खायला आलेली मुले होती. ‘आधी त्यांनीच’ म्हणायची सोय दोघांनाही होती, आणि म्हणणारा दर वेळी खोटा बोलत होता असेही नाही.

जानेवारी १९५७ मध्ये शहर जनरल मास्यूच्या छत्रीधारी सैनिकांच्या हाती गेले. माणसे अपरात्री उचलली जाऊ लागली. विजेचे झटके, नाकातोंडात पाणी. वर्षाअखेर बाँब थांबले, हेही सांगितले पाहिजे.

स्थानबद्धतेच्या हुकमांवर सही लागे ती पोलीसखात्याचे सरचिटणीस पोल तेतजेन यांची. महायुद्धात जर्मनांनी त्यांचा छळ करून त्यांना डाखाऊच्या छावणीत धाडले होते. मार्च १९५७ मध्ये त्यांनी राजीनामा लिहिला : चौदा वर्षांपूर्वी नान्सीत गेस्टापोच्या तळघरात आपण जे सोसले, त्याच्याच खुणा काही कैद्यांच्या अंगावर मी ओळखल्या. राजीनामा मंजूर झाला नाही. सप्टेंबरपर्यंत ते खुर्चीवर राहिले आणि हिशेब लावत बसले. नेलेली पण परत न आलेली माणसे, त्यांच्या मोजणीने, ३,०२४. आकड्यावर इतिहासकारांचा वाद आहे. माझे मन अडते ते दुसरीकडे. हे गृहस्थ पहिल्याच महिन्यात उठून का गेले नाहीत? आणि गेले असते, तर मोजले कोणी असते?

जून १९५७ मध्ये पकडलेले मोरिस ओदँ आल्जिअर्स विद्यापीठात गणित शिकवत, वय पंचवीस. ते पळून गेले, असे लष्कराने सांगितले. १९६२ मध्ये आल्जीरिया स्वतंत्र झाला. ओदँना छळ करून मारल्याचे किंवा छळात ते मेल्याचे फ्रान्सच्या अध्यक्षांनी त्यांच्या पत्नीच्या घरी जाऊन मान्य केले, ते २०१८ साली. बाई तेव्हा सत्त्याऐंशी वर्षांच्या होत्या.