गवत कापण्याच्या यंत्रास कोणतें इंधन द्यावें?

भाताचे बांध व आंबा-काजूच्या बागा साफ करण्यासाठीं कोंकणांत आतां विळ्याच्या जोडीस पेट्रोलवर चालणारें गवत कापण्याचें यंत्र आलें आहे. पावसाळा सरून कापणी आटोपली, कीं तें पडवींत जातें. पुढील जूनमध्यें दोरी ओढून ओढून हात भरून येतात, पण यंत्र सुरू होत नाहीं. दोष यंत्रास दिला जातो. आमच्या मतें तो पुष्कळदां टाकींत राहिलेल्या जुन्या पेट्रोलाचा असतो.

सन २०२५ पासून देशांतील पंपांवर सामान्यतः मिळणाऱ्या पेट्रोलांत २० टक्क्यांपर्यंत इथेनॉल असतें. इथेनॉल हवेंतील ओलावा शोषून घेतें. ओलावा फार झाला म्हणजे पाणी व इथेनॉल पेट्रोलापासून फुटून तळाशीं बसतें. दोन-स्ट्रोक यंत्रांत वंगणाचें तेल वरच्या पेट्रोलांतच राहतें आणि तळचें तेलाविना मिश्रण इंजिनांत जाऊन तें घासतें. लहान इंजिनें बनविणाऱ्या पुष्कळ कारखानदारांनीं मात्र इथेनॉलची मर्यादा १० टक्केच ठेवलेली आहे.

आमचा इथेनॉलला विरोध नाहीं. तें उंस, मका व तांदूळ यांपासूनच होतें आणि त्यांत शेतकऱ्याचाच दाम आहे. परंतु ज्यानें कच्चा माल पिकविला, त्यानेंच यंत्रदुरुस्तीचा भुर्दंड कां सोसावा? यंत्रास किती टक्के इथेनॉल चालेल, हें कारखानदारांनीं टाकीच्या झांकणावर मराठींत ठळक लिहावें, व विक्रेत्यांनीं तें विकतांनाच सांगावें.

तोंपर्यंत आपण इतकें करावें. नवें यंत्र घेतांना २० टक्के इथेनॉल चालणारेंच घ्यावें. महिन्याभरांत संपेल एवढेंच पेट्रोल आणावें व डबा घट्ट बंद ठेवावा. दोन-स्ट्रोक यंत्रास पुस्तिकेंत १:५० प्रमाण असल्यास लिटरमागें २० मिलिलिटर, १:२५ असल्यास ४० मिलिलिटर तेल मिसळावें. चार-स्ट्रोकच्या पेट्रोलांत तेल मुळींच घालूं नये. अधिक ऑक्टेनचें महाग पेट्रोल अशा लहान इंजिनास कांहीं विशेष लाभ देत नाहीं. हंगाम संपतांच टाकी रिकामी करून, यंत्र आपोआप बंद पडेपर्यंत चालवावें, म्हणजे कार्बुरेटरांत चिकटा धरणार नाहीं.

हें काम पाव तासाचें आहे. तें टाळल्यास ऐन गवताच्या दिवसांत यंत्र दुरुस्तीच्या दुकानांत पडून राहतें. सभासदांनीं याचा अवश्य विचार करावा.