वृद्धांच्या स्वभावातील पालट

आपल्या मराठीत 'साठी बुद्धी नाठी' अशी एक म्हण आहे, आणि 'म्हातारचळ' असा एक शब्द आहे. ही दोन्ही इतक्या सहजपणे आपल्या तोंडी येतात, की त्यांच्यामुळे घरातील वृद्ध मनुष्याचे केवढे नुकसान होते ह्याचा विचार करावयास कोणी थांबत नाही. जन्मभर शांत असलेले आजोबा तापट झाले, उदार हाताची आजी धान्याच्या डब्यांना कुलपे घालू लागली, किंवा रोज संध्याकाळी चार माणसांत बसणारा गृहस्थ उंबरठ्याबाहेर पडेनासा झाला, की 'आता वय झाले' एवढे म्हणून घरची मंडळी मोकळी होतात. आमचे म्हणणे असे आहे, की उतारवयात मनुष्याच्या स्वभावात जो पालट होतो आणि टिकून राहतो, त्याला वय, दुष्टपणा अथवा भानामती ह्यांपैकी कोणतेही नाव देण्यापूर्वी घरच्यांनी तो नीट पाहावा, टिपून ठेवावा आणि डॉक्टरांच्या कानी घालावा. कारण पुष्कळांच्या बाबतीत स्मरणशक्ती ढळण्याच्या आधी स्वभाव ढळतो, आणि ती पहिली खूण आपण हसण्यावारी अथवा रागावारी घालवितो.

स्मृतिभ्रंश, ज्याला डॉक्टर लोक डिमेन्शिया म्हणतात, तो केवळ विसरण्याचा आजार होय अशी सर्वसाधारण समजूत आहे. परंतु ह्या आजाराच्या सर्वांत प्रसिद्ध प्रकाराचा इतिहासच ह्या समजुतीला खोटे पाडतो. आलोइस अल्झायमर ह्या जर्मन वैद्यांकडे नोव्हेंबर १९०१ मध्ये फ्रांकफुर्ट येथील रुग्णालयात ऑगुस्ट डेटर नावाची ५१ वर्षांची एक स्त्री दाखल झाली. तिचा पती रेल्वेच्या कचेरीत कारकून होता. तिच्या आजाराचे पहिले लक्षण म्हणून अल्झायमर ह्यांनी जे नोंदविले, ते विस्मरण नव्हे, तर पतीविषयीचा मत्सर व संशय हे होय. विसरणे, वाट चुकणे, वस्तू भलत्या ठिकाणी लपविणे हे सर्व त्यामागून आले. १९०६ साली ती निवर्तली. त्याच वर्षी ३ नोव्हेंबर रोजी ट्युबिंगेन येथील वैद्यांच्या सभेत अल्झायमर ह्यांनी तिच्या मेंदूत आढळलेले फरक मांडले, आणि पुढे त्या आजाराला त्यांचेच नाव पडले. आरंभीच्या त्या दिवसांत एखाद्या शेजारणीने ह्या बाईला 'संशयी' म्हणून नावे ठेवली असती, तर त्यात नवल नव्हते. आपणही आज तेच करीत असतो.

२०१६ साली ह्या विषयाच्या संशोधकांच्या एका आंतरराष्ट्रीय मंडळाने अशा आरंभीच्या पालटाचे नियम ठरवून त्याला 'सौम्य वर्तनविकार' अशा अर्थाचे नाव दिले. त्यांचे म्हणणे थोडक्यात असे: वयाच्या पन्नाशीनंतर प्रथमच दिसू लागलेला, निदान सहा महिने राहिलेला, मनुष्याच्या पूर्वीच्या स्वभावाहून स्पष्टपणे वेगळा, घरच्यांशी संबंध वा कामकाज ह्यांना बाध आणणारा, आणि दुसऱ्या मानसिक आजाराने ज्याचा उलगडा होत नाही, असा पालट असेल तर तो गंभीरपणे घ्यावा. असे पालट त्यांनी पाच प्रकारचे सांगितले आहेत. पहिला, उत्साह मावळणे: ज्याला भजनाची, शेताची वा नातवंडांची गोडी होती, त्याला कशाचेच काही वाटेनासे होणे. दुसरा, मन विनाकारण खिन्न, चिंतातुर वा चिडचिडे होणे. तिसरा, मनावरचा ताबा सुटणे: अंगावर धावून जाणे, हट्टास पेटणे, भलताच खर्च करणे, खाण्याचा लोभ सुटणे. चौथा, चारचौघांतील मर्यादेचे भान जाणे: परक्या माणसाशी सलगी करणे, कोणाला काय लागेल ह्याचा विचार न करता बोलणे. आणि पाचवा, खोट्या समजुती व भास: 'सुनेने माझे पैसे चोरले', 'कोणी माझ्या जेवणात काही घालतो', किंवा नसलेली माणसे दिसणे.

येथे दोन गोष्टींची सावधगिरी अवश्य बाळगली पाहिजे. पहिली अशी, की तुलना शेजारच्या म्हाताऱ्याशी करावयाची नसून त्या मनुष्याची त्याच्याच पूर्वीच्या वागण्याशी करावयाची आहे. जो तरुणपणापासून चिक्कू होता, तो म्हातारपणी चिक्कू राहिला तर त्यात आजार कसला? परंतु जो मागेल त्याला पसाभर देत असे, तो एकेक पैसा धोतराच्या गाठीत बांधू लागला, तर तेथे विचार केला पाहिजे. दुसरी गोष्ट अशी, की असा प्रत्येक पालट म्हणजे स्मृतिभ्रंश नव्हे. उदासीनतेचा आजार, थायरॉइडची गडबड, ब-१२ जीवनसत्त्वाची उणीव, डोक्याला लागलेला मार, एखाद्या औषधाचा परिणाम, एवढेच काय, ऐकू न येणे ह्यानेही वृद्ध माणूस संशयी व एकलकोंडा होतो. आणि ह्यांतील बहुतेकांवर उपाय आहेत. मात्र एक-दोन दिवसांतच मनुष्य भ्रमिष्टासारखे बरळू लागला, तर सहा महिने वाट पाहात बसू नये. तसे पुष्कळदा ताप, लघवीचा संसर्ग किंवा अंगातील पाणी कमी होणे ह्यामुळे घडते, आणि त्याला त्याच दिवशी दवाखान्यात नेले पाहिजे.

आपल्या घुग्घुसच्या वाचकांना ह्या सर्वाचा अर्थ कळण्यासाठी दूर जावयास नको. २६ ऑगस्ट २०२२ रोजी येथील आमराई वॉर्डातील एक घर पाहता पाहता जमिनीत गडप झाले. घरची माणसे वेळीच बाहेर पडली म्हणून वाचली. ते घर त्या एका दिवसात खचले खरे. परंतु त्याखालची जुन्या भूमिगत खाणीची पोकळी त्या दिवसाची नव्हती. स्मृतिभ्रंशाचेही असेच आहे. मेंदूतील फरक लक्षणे दिसण्यापूर्वी कित्येक वर्षे चाललेले असतात. घरची वाट विसरलेला वृद्ध जेव्हा पोलिसांनी घरी आणून सोडला जातो, तेव्हा आपण म्हणतो की 'हे एकाएकी झाले'. जमिनीला आधी भेग जाते, तशी स्वभावालाही जाते. ती पाहणारा मात्र कोणी पाहिजे.

आणि आमच्या गावात ती पाहणार कोण? येथे कोळशाच्या खाणी आहेत, सिमेंटचा व लोखंडाचा कारखाना आहे. घरचे कर्ते पुरुष पाळीवर जातात, आणि निम्मा दिवस म्हातारा मनुष्य व शाळेतून आलेली मुले एवढीच घरात असतात. शिवाय वेकोलिच्या व कारखान्यांच्या नोकऱ्यांमुळे येथे मराठी, तेलुगू, हिंदी, छत्तीसगढी व गोंडी बोलणारी कुटुंबे शेजारी शेजारी नांदतात, आणि त्यांतील कितीतरी आजी-आजोबांनी शाळेचे तोंड पाहिलेले नाही. स्मरणशक्तीच्या ज्या परीक्षा डॉक्टर घेतात, त्यांतील पुष्कळशा लिहिता-वाचता येणारांसाठी बनलेल्या आहेत. म्हणूनच हरियाणातील बल्लभगड येथे संशोधकांना निरक्षर खेडुतांसाठी त्या परीक्षेचे निराळे हिंदी रूप तयार करावे लागले. परंतु आचरणाची पारख करावयास म्हाताऱ्याला अक्षरओळख असावी लागत नाही. त्याला रोज पाहणारे, त्याचा मूळ स्वभाव जाणणारे कोणी घरात असले म्हणजे पुरे. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या एका देशव्यापी पाहणीत भारतातील ६० वर्षांवरील लोकांत शेकडा ७.४ म्हणजे सुमारे ८८ लाख जणांना स्मृतिभ्रंश असावा असे आढळले, आणि त्याचे प्रमाण शहरांपेक्षा खेड्यांत व पुरुषांपेक्षा स्त्रियांत अधिक दिसले. तेव्हा हा शहरी श्रीमंतांचा आजार आहे असे कोणी समजू नये.

चुकीचे नाव दिल्याने काय घडते ते पाहा. सासू म्हणते सुनेने दागिना चोरला. सून म्हणते सासू खोटे बोलते. मुलगा दोघींच्या मध्ये सापडतो, आणि एक आजार वर्षानुवर्षे भांडण म्हणून नांदतो. निवृत्त होताना हाती आलेली रक्कम एखादा गृहस्थ भलत्यासलत्याच्या हवाली करतो, आणि घरचे त्याला उधळ्या म्हणतात. ह्याहूनही भयंकर गोष्ट अशी, की आपल्या जिल्ह्यात अजून भानामतीचा संशय जिवंत आहे. ऑगस्ट २०२१ मध्ये जिवती तालुक्यातील एका गावी अशाच संशयावरून सात जणांना, त्यांत वृद्ध स्त्री-पुरुषही होते, भर चौकात बांधून मारहाण झाली. त्या माणसांना काही आजार होता असे आम्ही मुळीच म्हणत नाही. ते निरपराध होते एवढेच पुरे आहे. परंतु ज्या समाजात धडधाकट वृद्धांवर असा प्रसंग येतो, त्या समाजात रात्री उठून फिरणारी, एकटीच पुटपुटणारी आजारी म्हातारी किती सुरक्षित असेल, ह्याचा वाचकांनीच विचार करावा. जादूटोण्याविरुद्ध २०१३ सालापासून महाराष्ट्रात कायदा आहे. परंतु कायदा मार बसल्यावर येतो, समजूत त्याआधी येऊ शकते.

ह्यावर दोन आक्षेप घेतले जातात, आणि ते दोन्ही विचार करण्याजोगे आहेत. एक असा, की अशाने प्रत्येक हट्टी म्हाताऱ्याच्या कपाळी आजाराचा शिक्का बसेल. हे भय खरे आहे. म्हणूनच आजाराचे नाव घरच्यांनी देऊ नये, शेजाऱ्यांनी तर मुळीच देऊ नये. त्यांनी पाहावे व सांगावे, निदान डॉक्टरांनी करावे. दुसरा आक्षेप असा, की ज्या आजाराला समूळ बरे करणारे औषध नाही, तो लवकर कळून उपयोग काय? ह्याला आमचे उत्तर असे: बरे होण्याजोगे दुसरे कारण असेल तर ते वेळीच सापडते, नसेल तर मनुष्याचे भान शाबूत असतानाच बँकेचे, घराचे, मृत्युपत्राचे निर्णय त्याच्या स्वतःच्या इच्छेने करून घेता येतात, आणि सर्वांत मोठा उपयोग म्हणजे घरातील राग निवळतो. 'आई मुद्दाम करते' हे एक वाक्य मनातून गेले, की सेवा करणाऱ्याचे अर्धे ओझे उतरते. 'अस्तु' ह्या मराठी चित्रपटात डॉ. मोहन आगाशे ह्यांनी स्मृती हरपलेल्या एका संस्कृत पंडिताची भूमिका केली आहे. तो ज्यांनी पाहिला असेल, त्यांना विद्वत्तेचाही ह्या आजारापुढे निभाव लागत नाही हे ठाऊक आहे. मग दोष कोणाला द्यावयाचा?

आम्ही ख्रिस्ती लोक आईबापांचा मान राखण्याची आज्ञा लहानपणीच पाठ करतो. परंतु मान राखणे म्हणजे काय, हे पवित्र शास्त्रात नोहाच्या गोष्टीत फार सुंदर दाखविले आहे. वृद्ध नोहा आपल्या तंबूत भान हरपून उघडा पडला असता एका मुलाने ते पाहून बाहेर जाऊन सांगितले. दुसऱ्या दोघांनी वस्त्र खांद्यांवर घेतले, पाठमोरे चालत जाऊन बापाला झाकले, आणि त्याची ती अवस्था डोळ्यांनी पाहिलीही नाही. ह्या कथेतून आम्ही एक धडा घेतो, पण त्यात थोडी भर घालतो. लोकांच्या हसण्यापासून वृद्धाला झाकणे हा धर्म होय. परंतु डॉक्टरांपासून त्याला लपविणे हा धर्म नव्हे. पुष्कळ घरी अब्रूच्या भयाने नेमके उलट होते: गल्लीत चेष्टा चालते आणि दवाखान्यात कोणी जात नाही.

आता विद्यार्थ्यांना दोन शब्द. तुमच्या आजोबांच्या वागण्यात काही नवे दिसले, तर हसू नका, वादही घालू नका. वहीच्या शेवटच्या पानावर तारीख घालून ते लिहा आणि आईवडिलांना दाखवा. काही आठवडे टिपलेल्या अशा दहा ओळी डॉक्टरांना तासाभराच्या बोलण्याहून अधिक उपयोगी पडतात. चंद्रपूरला शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाचे रुग्णालय आहे. त्यापुढे सेवाग्राम व नागपूर आहे. जाणे जमत नसेल, तर १४४१६ ह्या सरकारी क्रमांकावर मानसिक आरोग्याविषयी, आणि १४५६७ ह्यावर ज्येष्ठ नागरिकांविषयी फुकट सल्ला मिळतो. आजोबांना कमी ऐकू येत असेल, विशेषतः खाणीच्या गोंगाटात ज्यांचा जन्म गेला त्यांना, तर कानाचे यंत्र मिळवून देण्याचा आग्रह धरा. रक्तदाब व मधुमेहाच्या गोळ्या त्यांनी घेतल्या की नाही ते पाहा. आणि रोज घटकाभर त्यांच्याशी बोलत बसा. बहिरेपणा, रक्तदाब, मधुमेह व एकटेपणा ही चारही ह्या आजाराला हातभार लावणारी कारणे आहेत, असे २०२४ सालच्या लॅन्सेट आयोगाच्या अहवालात नमूद आहे. आणि ह्या चारांपैकी शेवटचे घालविण्यास पैसाही लागत नाही. तुमचा तो घटकाभर वेळ आजोबांना हवाच आहे, आणि त्यांच्यात काही बदलले तर ते प्रथम ध्यानी येणार तेही त्याच वेळात.