समलिंगी विवाह आणि समतेचा हक्क

विवाह हा मूलभूत हक्क नाही, सबब समलिंगी जोडप्यांचा दावाही टिकत नाही, असा अर्थ ‘सुप्रियो विरुद्ध भारत सरकार’ या खटल्याच्या निकालातून सर्रास काढला जातो. १७ ऑक्टोबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने विवाहाचा बिनशर्त मूलभूत हक्क एकमताने नाकारला, हे खरे. पण खटल्याचा गाभा वेगळाच होता. निवडणूक लढवण्याचा हक्कही मूलभूत नाही, तो कायद्याने मिळतो. म्हणून एखाद्या जातीला निवडणुकीतून वगळणारा कायदा घटनेपुढे टिकेल काय? शासनाने कायद्याने एखादा दर्जा देऊ केला, की घटनेच्या कलम १४ व १५ ची कसोटी त्याला चुकत नाही.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. १९५४ च्या विशेष विवाह कायद्यातील कलम ४ ‘कोणत्याही दोन व्यक्तीं’पासून सुरू होते, पण वयाची अट पुरुषाला २१ आणि स्त्रीला १८ अशी घालते. पती-पत्नी हे शब्द कायद्यात ठिकठिकाणी आहेत. ते बदलले, तर पोटगी आणि घटस्फोटाच्या तरतुदींचा मेळ बिघडेल, ही घटनापीठातील बहुमताच्या निकालातली भीती निराधार नव्हती. मात्र शब्दरचना अवघड आहे, एवढ्याने विषमता समर्थनीय ठरत नाही. दक्षिण आफ्रिकेच्या घटना न्यायालयाने २००५ मध्ये समलिंगी जोडप्यांना वगळणारा विवाह कायदा घटनाबाह्य ठरवून संसदेला एक वर्ष दिले. २००६ मध्ये नवा कायदा आला. तैवानच्या न्यायालयाने २०१७ मध्ये दोन वर्षांची मुदत घातली. मे २०१९ मध्ये तिथे समलिंगी विवाहांची नोंदणी सुरू झाली. कायदा करणे हे संसदेचे काम, हा युक्तिवाद मान्य करूनही न्यायालयाला असा दोष दाखवता येतो.

ही मागणी शहरी उच्चभ्रूंची आहे, असे केंद्र सरकारने म्हटले. तत्कालीन सरन्यायाधीश चंद्रचूड यांनी ते खोडून काढले. समाज अजून तयार नाही, हा आक्षेपही टिकत नाही. समाजाची तयारी होईपर्यंत थांबायचे, तर शाहू महाराजांना १९१९ साली कोल्हापूर संस्थानात आंतरजातीय विवाहाला मान्यता देणारा कायदा करताच आला नसता.

मान्यता नसल्याची झळ मृत्यूनंतर उघडी पडते. जोडीदाराला बँक खात्यात नॉमिनी करता येते, पण नॉमिनी हा पैशाचा मालक नसतो. मृत्युपत्र नसेल, तर रक्कम वारसांकडे जाते. वीस वर्षे एकत्र संसार केलेली व्यक्ती त्या वारसांच्या यादीत कुठेच नसते. मृत्युपत्र करून घर देता येईल, सरकारी कुटुंब निवृत्तिवेतन मात्र मृत्युपत्राने देताच येत नाही. अशा जोडप्यांना अप्रत्यक्ष भेदभाव सोसावा लागतो, हे बहुमतानेही मान्य केले आणि तोडगा मंत्रिमंडळ सचिवांच्या समितीवर सोपवला. भेदभाव मान्य करून उपाय नाकारणे, हीच या निकालातली सर्वांत मोठी उणीव आहे.

९ जानेवारी २०२५ रोजी फेरविचार याचिकाही फेटाळल्या गेल्या. संसदेला कायदा करण्यापासून हा निकाल कुठेही रोखत नाही. १९५४ च्या कायद्यात दुरुस्ती करून संसदेने हा भेदभाव संपवावा.