पाच दिवसांच्या आधी

मराठवाड्यात सप्टेंबर उजाडला की एक विधान हमखास कानावर येते. हैदराबादचा निजाम पाडला तो भारतीय सैन्याने, तोही पाच दिवसांत. गावकऱ्यांनी मागाहून पेढे वाटले आणि स्वातंत्र्यसैनिकाचे दाखले काढले. ज्या विष्णुपुरीच्या विद्यापीठाला स्वामी रामानंद तीर्थांचे नाव आहे, या लढ्याच्या त्या नेत्याच्या परिसरातही हे ऐकावे लागते! दाखल्यांत खोटे शिरले असेल. तो वाद वेगळा.

तारखांबद्दल तक्रार नाही. १३ सप्टेंबर १९४८ला फौजा शिरल्या, १७ला निजाम मीर उस्मान अलींनी माघार घेतली, दुसऱ्या दिवशी त्यांचे सेनापती एल एद्रूस भारताच्या जनरल चौधरींना शरण गेले. सैन्य आले नसते तर निजामाच्या बाजूने लढणाऱ्या रझाकारांचे नेते कासिम रझवी गुमान लातूरच्या वकिलीकडे परतले नसते, हेही मान्य.

पण तोवर पाडायला उरले होते काय? महायुद्धात लेव्ही, म्हणजे सक्तीची धान्यवसुली, लागू झाली आणि सरकारी माणूस खळ्यावरून धान्य उचलू लागला. १९४७ उलटेपर्यंत गावे लेव्ही नाकारू लागली होती. रातोरात शिंदीची झाडे आडवी होत, कारण शिंदीची अबकारी थेट खजिन्यात जाई. सरहद्दीवरचे करोडगिरी (जकात) नाके पेटले, ठिकठिकाणी पाटील-कुलकर्ण्यांनी राजीनामे दिले. सारा गोळा करणारा हातच गेल्यावर फर्मान वाचणार कोण? ३० जानेवारी १९४८ला, गांधीजींचा खून झाला त्याच दिवशी, लढ्याच्या कॅम्पांतल्या तरुणांनी उमरीची बँक लुटली. अर्जापूरला लढ्यातले कार्यकर्ते गोविंदराव पानसरे तर १९४६मध्येच मारले गेले होते. राज्य टिकवायला रझाकार लागले, तिथेच ते राज्य संपले होते. १९१७मध्ये युद्धाने पोखरलेली झारशाही कोसळली तेव्हा पेत्रोग्राडचे सैनिक लोकांना मिळाले होते. इथे सैनिक फुटले नाहीत, वसुली फुटली.

दुसरी टूम म्हणजे हा हिंदू-मुसलमानांचा झगडा होता ही. मग भारतात विलीन व्हा असे लिहिणाऱ्या ‘इमरोज’ पत्राच्या संपादक शोएबुल्ला खानांना २२ ऑगस्ट १९४८ला रझाकारांनी का मारले?

लढा लोकांचा म्हणणाऱ्यांनी मात्र पुढचेही बोलावे. पोलीस ॲक्शननंतर, म्हणजे या लष्करी कारवाईनंतर, नांदेडात आणि तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात, म्हणजे आजच्या लातुरातही, निरपराध मुसलमान कापले गेले. पंडित सुंदरलालांच्या समितीने हिंडून अहवाल दिला आणि तो कित्येक दशके दडवला गेला. १७ सप्टेंबरच्या मुक्तिदिनाच्या झेंडावंदनाला पानसऱ्यांचे नाव घेतो, त्याच भाषणात हेही यायला कोणाची हरकत आहे?