तेल आलं तर चिखलात उतरू नका

७ ऑगस्ट २०१० रोजी मुंबई बंदराच्या तोंडाशी ‘एमएससी चित्रा’ आणि ‘खलिजिया-३’ ही जहाजं एकमेकांवर आदळली. चित्रामधून सुमारे ८०० टन तेल समुद्रात गेलं आणि उरण-घारापुरीच्या तिवरांपर्यंत पोचलं. मासळीला गिऱ्हाईक उरलं नाही. मे २०२५ मध्ये कोचीजवळ ‘एमएससी एल्सा-३’ हे जहाज बुडालं. पावसाळ्यात डांबराचे गोळे तर कोकण-गोव्याच्या पुळणीवर जवळपास दरवर्षी येतात. तेव्हा किनाऱ्यावरच्या गावांनो, तेल आल्यावर कसं वागायचं हे आजच ठरवून ठेवा.

तवंग दिसला की आधी तटरक्षक दलाला १५५४ वर कळवा. समुद्रातल्या तेलाचा बंदोबस्त करायची जबाबदारी त्यांची आहे. जागा, वेळ, वारा कुठून आहे, हे सांगा. मग पोलीस पाटील आणि तहसील.

तेल अजून किनाऱ्याला लागलेलं नसेल, तर गावाच्या हातात एक फार मोलाचं काम आहे: पुळण झाडून घ्या. प्लास्टिक, ओंडके, फाटकी जाळी सगळं भरतीरेषेच्या वर ओढा. तेलात बुडालेला कचरा धोकादायक कचरा होतो, त्याची विल्हेवाट लावणं फार कठीण जातं. कोरडा असताना तोच कचरा एका दुपारी उचलून होतो.

तेल आल्यावर मात्र घाई आवरा. मला सर्वांत जास्त काळजी वाटते ती तिवरांची, आणि तिथं नुकसान चांगल्या मनाची माणसंच करतात. ओहोटीला तिवराखाली वाकून पाहा. चिखलातून पेन्सिलीएवढी मुळं उभी वर आलेली असतात. झाड त्यांतून श्वास घेतं. त्यांवर तेल बसलं की झाड गुदमरतं, हे खरं. पण आपण घमेली घेऊन आत शिरलो, तर ती मुळं मोडतात आणि वरचं तेल पायाखाली चिखलात दाबलं जातं. खाली प्राणवायू जवळजवळ नसतो, त्यामुळे तेल तिथं कुजत नाही, वर्षानुवर्षं राहतं. खेकड्यांच्या बिळांतून तर ते आणखी खोल उतरतं. १९७८ साली फ्रान्सच्या ब्रिटनी किनाऱ्यावर ‘अमोको काडिझ’ या जहाजाचं तेल आलं तेव्हा खाडीकाठच्या दलदलीत यंत्रं घालून तेलकट चिखल खरवडून काढला. जिथं यंत्रं गेलीच नाहीत, ती दलदल आधी सावरली. म्हणून कांदळवनात काय करायचं ते वनखात्याच्या जाणकारांना ठरवू द्या. तुम्ही खाडीच्या तोंडावर राखण करा, कुणाला आत जाऊ देऊ नका.

साबण, डिटर्जंट ओतू नका. तेल नाहीसं होत नाही, त्याचे बारीक थेंब होऊन ते पाण्यात खाली जातं, जिथं माशांची अंडी आणि पिल्लं असतात. १९६७ साली ‘टॉरी कॅनियन’ या जहाजाच्या तेलावर इंग्लंडच्या कॉर्नवॉल किनाऱ्यावर रसायनांचा मारा केला, तेव्हा खडकांवरचे शिंपले तेलापेक्षा त्या रसायनांनीच जास्त मेले.

वाळूवर काम करता येतं, पण अधिकारी सांगतील तेव्हा आणि सांगतील तसंच. हातमोजे, गमबूट हवेत. ताज्या तेलाच्या वाफेनं डोकं दुखतं, म्हणून मुलं आणि गरोदर बाया घरीच बऱ्या. वरचा तेलकट थर तेवढा फावड्यानं उचला. जेसीबी लावला तर चांगली वाळूही जाते. गोणी अर्धीच भरा, नाहीतर उचलताना फाटते. पुरणं नाही, जाळणं नाही. अंगाला डांबर लागलं तर खोबरेल चोळून मग साबणानं धुवा, रॉकेल नको. तेलानं माखलेला पक्षी घरी धुऊ नका. हवेशीर खोक्यात, कापड टाकून, वनखात्याकडे द्या.

झाडं मेली तर लगेच रोपं लावायचा कार्यक्रम करू नका. चिखलातलं तेल ओसरायला वेळ द्या. आधी खाडीची तोंडं मोकळी करा, म्हणजे भरतीचं पाणी आत-बाहेर खेळेल आणि बिया आपोआप येतील. त्या आल्या नाहीत तरच लावा, आणि जिथं जे होतं तेच लावा: तिवराच्या जागी तिवर, कांदळाच्या जागी कांदळ.

कोळी बांधवांना शेवटचं सांगणं. तेलकट जाळं रागानं फेकून देऊ नका, तो तुमचा पुरावा आहे. तारखेसह फोटो काढा. होडीचे कागद, डिझेलची बिलं, मागच्या हंगामातल्या लिलावाच्या पावत्या एका पिशवीत एकत्र ठेवा. भरपाईचा दावा जहाजमालकाच्या विमा कंपनीपुढे जातो आणि तिथं नुसत्या तोंडी सांगण्यावर भागत नाही. पंचनामा होईल तेव्हा समोर उभे राहा, लिहिलेलं वाचून घ्या आणि प्रत हातात पडल्याशिवाय हलू नका.