उधारीची वही आणि सोलापूरच्या पेठा

२०१२ च्या सप्टेंबर महिन्यात केंद्र सरकारने किराणा, कापड, भांडीकुंडी अशा अनेकविध मालाच्या किरकोळ व्यापारात ५१ टक्क्यांपर्यंत परकीय भांडवलास मुभा दिली, तेव्हा देशभर मोठा गदारोळ उठला होता. त्या परवानगीस ज्या अटी जोडल्या होत्या, त्यांपैकी एक अशी की, अशी दुकाने २०११ च्या जनगणनेनुसार दहा लाखांहून अधिक वस्तीच्या शहरांतच निघावीत. त्या जनगणनेत सोलापूरची लोकसंख्या भरली सुमारे ९ लाख ५१ हजार. पन्नासेक हजार माणसे कमी पडली म्हणून सोलापूरचा दुकानदार वाचला, असे त्या वेळी गमतीने म्हणता आले असते. पुढच्याच वर्षी ही अट सैल करण्यात आली आणि २०१८ मध्ये अमेरिकेतील वॉलमार्ट कंपनीने फ्लिपकार्टचा बहुतांश हिस्सा विकत घेतला. या व्यवहारात दुकान नव्हतेच. विक्रेता आणि ग्राहक यांची गाठ घालून देणारी ती केवळ एक यंत्रणा, असे तिचे कायदेशीर स्वरूप. तेव्हा वेशीवरचा पहारेकरी डोकी मोजत राहिला आणि माल मात्र पोऱ्याच्या दुचाकीवरून थेट घराच्या उंबऱ्यापर्यंत पोहोचला.

सोलापूरच्या किरकोळ व्यापाराची चर्चा एरवी मोठी दुकाने विरुद्ध छोटी दुकाने अशा सरधोपट द्वंद्वात होते. एक पक्ष पेठेतल्या वाण्याच्या नावाने गळा काढतो, दुसरा त्याच्या तागडीच्या दांडीकडे बोट दाखवतो. दोघांच्याही म्हणण्यात काही तथ्य असल्याने वाद मिटत नाही. मूळ प्रश्न या दोहोंच्या अलीकडचा आहे. दुकान चालते ते गिऱ्हाइकाच्या हातातील पैशावर. आणि तो पैसा किती येतो याच्या इतकेच तो कोणत्या वारी येतो, एकरकमी येतो की तुटपुंजा येतो, यालाही महत्त्व असते. सोलापूरच्या पेठा ज्या पैशावर उभ्या राहिल्या त्याची घडण पाहिल्याशिवाय त्यांच्या आजच्या अवस्थेचा उलगडा होणार नाही.

१८६० मध्ये रेल्वे आली आणि १८७० च्या दशकात जुनी गिरणी उभी राहिली. तिच्यामागोमाग नरसिंग गिरजी, लक्ष्मी, विष्णू, जाम या गिरण्या आल्या आणि भोंग्यावर उठणाऱ्या या शहराची बाजारपेठही भोंग्यावरच चालू लागली. कापडवाल्याला जुन्या मराठीत चाटी म्हणत. त्या चाट्यांची चाटी गल्ली, नवी पेठ, मधल्या मारुतीचा परिसर, मंगळवार पेठ ही ठिकाणे केवळ शहराची राहिली नाहीत. अक्कलकोट, मोहोळ, मंगळवेढा, तुळजापूर येथपासून तो विजापूर-गुलबर्गा भागापर्यंतची मंडळी लग्नाचा बस्ता बांधायला येथे येत. एकाच गल्ल्यावर बसून मराठी, कानडी, तेलुगू आणि हिंदी-उर्दू या चारही भाषांत घासाघीस करणारा दुकानदार हे सोलापूरचे खास वैशिष्ट्य. भाषावार प्रांतरचनेने जी सीमा आखली ती या गल्ल्यापर्यंत कधी पोहोचलीच नाही.

१९४९ मध्ये जुनी गिरणी बंद पडली. सरकारने १९५० च्या जानेवारीत वटहुकूम काढून ती ताब्यात घेतली आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. कायद्याच्या विद्यार्थ्यांना हा खटला समतेच्या आणि मालमत्तेच्या मूलभूत हक्कांच्या संदर्भात पाठ असतो. पण गिरणीचा पगार थांबला की पेठेत काय होते, याची नोंद कोणत्याही निकालपत्रात सापडायची नाही. पुढे एकामागून एक इतर गिरण्यांचेही भोंगे थांबले. शहराचा भार यंत्रमागावर आणि विडीवर येऊन पडला. गिरणी कामगाराच्या नोकरीला कायम पगार, फंड आणि संघटना यांचा आधार होता. यंत्रमागावरील कामगार आणि घरी बसून विड्या वळणारी स्त्री यांची कमाई कामाप्रमाणे, बहुधा आठवड्याच्या हिशेबाने, आणि सूत किंवा पान मिळाले तर. किरकोळ व्यापाराच्या दृष्टीने हा फरक फार मोठा आहे.

अशा गिऱ्हाइकाला पाच किलोची पिशवी स्वस्त पडते हे ठाऊक नसते असे मुळीच नाही. तिच्या हातात पाच किलोचे पैसे एका वेळी येत नाहीत, इतकेच. ती पावशेर तेल, अर्धा किलो तूरडाळ, दहा रुपयांची चहापत्ती घेते आणि आठवड्याच्या अखेरच्या दिवसांत तेही वहीवर मांडून घेते. ही वही म्हणजे शहरातील सर्वांत जुनी आणि सर्वांत कमी अभ्यासलेली पतसंस्था होय. तिला तारण लागत नाही, जामीन लागत नाही, अर्ज लागत नाही. लागते ती केवळ ओळख. अर्थात ती धर्मादायही नव्हे. उधारीच्या मालाचा दर रुपया-दोन रुपयांनी चढा असतो, तांदूळ जरा हलका असतो आणि वही भागेपर्यंत गिऱ्हाइकाला दुसऱ्या दुकानाची पायरी चढता येत नाही. व्याज नाही असे म्हणायचे ते व्याज हा शब्द तेथे उच्चारला जात नाही म्हणून. तथापि आजारपणात, मागाला सूत नसताना, शाळा सुरू होण्याच्या जून महिन्यात ही वहीच घर तगवते. २०२० च्या टाळेबंदीत मिळकत थांबलेल्या अनेक घरांना ज्यांनी पीठ-मीठ पुरवले, त्यांत गल्लीतल्या दुकानदाराचा वाटा कोणत्याही अहवालात येणार नाही; पण तो नाकारताही येणार नाही.

या वहीचे अर्थशास्त्र एका गोष्टीवर उभे होते: दुकानात रोखीचे आणि उधारीचे, दोन्ही गिऱ्हाईक येत असे. शिक्षक, कारकून, रेल्वेतला नोकर महिन्याच्या पहिल्या आठवड्यात यादी देऊन महिन्याचा किराणा भरी आणि ती रक्कम घेऊन दुकानदार ठोक बाजारातील देणे भागवी. तिच्याच बळावर विडीवालीची वही महिनाभर उघडी राही. आता हा पगारदार वर्ग सुट्टीच्या दिवशी दुचाकीवरून किंवा मोटारीतून स्वयंसेवा भांडारात जातो आणि छापील किमतीहून कमी दराने महिन्याचे सामान आणतो. त्यात त्याचे काही चुकते असे नाही. महागाई भत्त्यावर डोळे लावून बसलेल्या माणसाने स्वस्त माल सोडून भावनेपोटी महाग घ्यावा, ही अपेक्षा उपदेश करणाऱ्यांनी आधी स्वतः पाळावी. पण परिणाम व्हायचा तो होतोच. रोखीचे गिऱ्हाईक गेले आणि उधारीचे तेवढे उरले. ज्या दुकानात केवळ उधारीच उरते, ते दुकान एक तर उधारी आटवते किंवा बुडते. दोन्ही प्रकारांत वही मिटते, आणि जिची वही मिटली ती स्त्री आठवड्याच्या हप्त्याने गटकर्ज देणाऱ्या संस्थेच्या दारी जाते. तिथला हप्ता सूत नाही म्हणून थांबत नाही.

कापड, पादत्राणे, भ्रमणध्वनी, विजेची उपकरणे या व्यापारात वेगळेच घडते आहे. ज्या मालावर नफ्याचे प्रमाण बरे, तोच माल घरबसल्या मागवला जातो. मीठ, गूळ आणि काडेपेटी तेवढी गल्लीसाठी राहते. नव्या पेठेतल्या दुकानात साडी उलगडून पाहायची, पोत हाताला लावून बघायचा, तिचे छायाचित्र घ्यायचे आणि घरी जाऊन तशीच साडी पडद्यावर शोधायची, ही रीत आता कोणालाच अपूर्वाईची वाटत नाही. उलगडून दाखवण्याचे श्रम करणाऱ्या नोकराचा पगार त्या पडद्यावरील किमतीत धरलेला नसतो. त्यातच पुण्याची वाट सोपी झाली. २०२३ च्या फेब्रुवारीत मुंबई-सोलापूर वंदे भारत सुरू झाली, तिचे सोलापूरकरांनी कौतुक केले आणि ते योग्यच होते. पण आगगाडी दोन्ही दिशांना धावते, आणि जी पिढी नोकरीसाठी पुण्यास गेली तिची दिवाळीची खरेदीही तिच्यामागे गेली.

मोठ्या दुकानाचा माल स्वस्त का, याचे उत्तर ‘कार्यक्षमता’ या एका शब्दात देण्याची पद्धत आहे. ते अर्धेच उत्तर आहे. साबण आणि दंतमंजन तयार करणाऱ्या कंपन्या मोठ्या खरेदीदारास ज्या दराने माल देतात, तो दर गल्लीतल्या दुकानदारास माल पोचवणाऱ्या वितरकालाही मिळत नाही. याच तक्रारीवरून २०२२ च्या जानेवारीत महाराष्ट्रातील वितरकांनी काही कंपन्यांच्या मालाशी असहकार पुकारला होता. भांडवलशाहीचे माहेरघर म्हटल्या जाणाऱ्या अमेरिकेत या दुजाभावाविरुद्ध १९३६ मध्येच कायदा झाला. रॉबिन्सन-पॅटमन कायदा या नावाने तो ओळखला जातो. समान मालासाठी दोन व्यापाऱ्यांना अन्यायकारक असे भिन्न दर लावू नयेत, हे त्याचे सूत्र. १९८० नंतर तेथील सरकारांनी तो जवळजवळ गुंडाळून ठेवला, आणि त्यानंतर लहान दुकानांचे काय झाले हे जगजाहीर आहे.

त्या देशातील शिकागो शहराचे उदाहरण या दृष्टीने बोलके आहे. टपालाने माल पाठवून खेड्यापाड्यांतल्या दुकानदारांना घाम फोडणारी सिअर्स कंपनी तेथलीच. तिने आपली जाडजूड मालसूची १९९३ मध्ये बंद केली; दुसऱ्याच वर्षी अ‍ॅमेझॉनची स्थापना झाली, आणि २०१८ मध्ये सिअर्सने दिवाळखोरीचा अर्ज केला. स्टेट स्ट्रीटवरील मार्शल फील्ड हे शहराचे भूषण मानले गेलेले भांडार, त्याचे नावही २००६ मध्ये पुसले गेले. पण खरी लक्षात घेण्याजोगी घटना २०२३ सालची आहे. त्या वर्षीच्या एप्रिलमध्ये वॉलमार्टने शिकागोतील आपली चार दुकाने तोटा होतो म्हणून बंद केली, आणि त्यांतील काही शहराच्या दक्षिणेकडील, प्रामुख्याने कृष्णवर्णीय वस्तीच्या भागांत होती. साखळीचे दुकान हिशेबाने येते आणि हिशेबानेच जाते. तोवर आसपासची लहान दुकाने उठून गेलेली असली, तर त्या वस्तीने जायचे कोठे?

सोलापूरच्या दुकानदाराने मात्र या तुलनेवरून स्वतःस हुतात्मा समजण्याचे कारण नाही. पावती मागितली की कपाळाला आठी पडते, तेलाच्या सुट्या विक्रीत मापाविषयी शंका राहते, मुदत संपलेला पुडा पुढे सरकवला जातो. पायवाटेवर माल मांडून तोच पुन्हा रस्त्यावर गाडी लावायला जागा नाही म्हणून महापालिकेला दूषणे देतो. नोकरांची स्थिती तर याहून वाईट. २०१७ च्या राज्याच्या दुकाने व आस्थापना कायद्याने दहापेक्षा कमी कामगारांच्या दुकानांना बहुतेक तरतुदींतून मोकळे केले. साहजिकच पेठेतल्या असंख्य नोकरांच्या तासांचा आणि रजेचा हिशेब मालकाच्या मर्जीवर राहिला. काउंटरमागे दिवसभर उभ्या असलेल्या मुलीला बसायला स्टूल मिळावे, इतकी साधी गोष्टही तेथे मागून घ्यावी लागते.

आणखी एक गोष्ट खटकणारी आहे. सोलापुरी चादरीस आणि टॉवेलास भौगोलिक निर्देशांक मिळवून देण्यासाठी धडपड झाली, तो मिळालाही. देशात असे संरक्षण लाभलेल्या पहिल्या काही वस्तूंत त्यांची गणना होते. तरीही पानिपतची मऊ रग आणि बाहेरची नक्कल सोलापूरच्याच बाजारात सोलापुरीच्या शेजारी सुखाने नांदते. पाहुण्याला फरक समजावून सांगण्याची तसदी घेणारे विक्रेते मोजकेच. जो माल शहराच्या नावावर खपतो, त्याची राखण शहरातल्या विक्रेत्यांनीच केली नाही, तर निर्देशांकाच्या प्रमाणपत्राची चौकट भिंतीवर शोभेपुरती राहील.

उपायाचा विचार करताना जर्मनीकडे पाहण्यासारखे आहे. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस बर्लिनमधील काही किरकोळ वाण्यांनी एकत्रित ठोक खरेदीसाठी सहकारी मंडळ काढले. त्याच चळवळीतून वाढलेली एडेका ही संस्था आज त्या देशातील किराणा व्यापारात अग्रणी आहे, आणि तिची बहुसंख्य दुकाने अजूनही स्वतंत्र मालकांची आहेत. महाराष्ट्राने साखर, दूध आणि सूत यांसाठी सहकार केला. ग्राहकांची भांडारेही काढली. वाण्यांचा सहकार मात्र फारसा कोणी केला नाही. शेजारच्या दुकानदाराला आपला खरेदीचा दर कळू नये, ही वृत्ती त्याच्या आड आली असावी. बँकांचाही त्यात दोष आहे. गल्ल्यावरचा तो छोटा डबा दिवसभर ‘रुपये प्राप्त झाले’ अशी द्वाही फिरवत असतो, त्यामुळे रोख विक्री बँकेस दिसते. परंतु दुकानदाराचे खरे भांडवल असलेली उधारीची वही तिच्या लेखी कोरीच असते.

हा प्रयोग करून पाहायला सोलापूरजवळ एक जागा आज तयार आहे. कुंभारी येथील रे नगर या ३० हजार घरांच्या योजनेतील १५ हजार घरे २०२४ च्या जानेवारीत विडी कामगार, यंत्रमाग कामगार, कचरावेचक अशा कुटुंबांना देण्यात आली. या माणसांना पक्के घर मिळाले, ही मोठीच गोष्ट झाली. पण घर बदलताना त्यांची वही जुन्या गल्लीतल्या दुकानातच राहिली; नव्या वसाहतीत त्यांना नावाने ओळखणारा वाणी कोठून येणार? तेथील लहान दुकानदारांना आरंभीच एकत्र आणून तेल, डाळ, साखर यांची सामाईक खरेदी आणि एक सामाईक गोदाम उभे करून देता येईल. मापे तपासून, दरपत्रक लावून आणि वहीवरील देण्याला ठरावीक मर्यादेपर्यंत बँकेची हमी देऊन ही दुकाने सुरू झाली, तर पहिल्या वर्षातच कळून येईल की महाग कोण विकत होते, दुकानदार की त्याला माल देणारे.